हॅरोडीन क्लबाचा आधारस्तंभ

शनिवार, ७ मे १८६४
हंगाम सुरू. या वर्षी तीनशे धावा आणि पन्नास विकेटी. त्याखाली नाही. रोज सहाला उठून बागेत दोनशे चेंडू टाकायचे. बिअर दोन ग्लास, फार तर तीन. बावीस वर्षं हॅरोडीन क्लबाची सलामी माझ्याकडे आहे. लोक मला क्लबाचा आधारस्तंभ म्हणतात. म्हणजे एकदा थोरले पाद्रीबुवा म्हणाले होते. विषय चर्चच्या छपराचा चालला होता, पण पाहत माझ्याकडे होते.

बायकोला, थिर्झाला, जाऊन तीन आठवडे झाले. लुईस गावी, तिच्या बहिणीकडे, हवापालटाला. रूथ गेल्यापासून तिला या घरात बसवत नाही. गेल्या ऑगस्टात ताप आला आणि चार दिवसांत पोरगी गेली. एकोणीसची होती. मला तसं काही होत नाही. दुकान, खोगिरं, जेवणखाण, सगळं सुरळीत. आज थंड मटण, उभ्याउभ्याच.

शनिवार, १४ मे
बागेतले चेंडू उद्यापासून.

आज सराव. नवे धाकटे पाद्री मिस्टर लॅसेल्स कॅप्टन झाले. ऑक्सफर्डचे. वयानं लहान, पण माणूस अदबशीर. आमचा लोहार जेबेझ फनेल हात पार डोक्यावरून फिरवून चेंडू टाकतो. खांद्याच्या वर हात गेला की नोबॉल, कायदाच आहे. खरा चेंडू खालून टाकायचा. हळू, उंच, विचार करून, मी टाकतो तसा. त्याला तसं सांगितलं. तर म्हणतो, म्हातारबा, तुमचा चेंडू पोचेपर्यंत समोरचा घरी जाऊन चहा पिऊन येतो. सगळे हसले. मीही हसलो.

मग त्याचा एक चेंडू माझ्या बरगडीवर बसला. आवाज मैदानभर गेला. लॅसेल्स धावत आले, फार लागलं का हो हॉडली? म्हटलं, नाही. खरंच नव्हतं लागलं. घरी येऊन सदरा काढला तर तळहाताएवढं काळंनिळं. दाबून पाहिलं. काही नाही. कमावलेलं शरीर.

शनिवार, ४ जून
टिकनम गावाशी सामना. माझ्या धावा शून्य. ऊन डोळ्यांवर. (ढग होते, पण मध्येच ऊन आलं असावं.) गोलंदाजी तीन ओव्हर, एकवीस धावा. त्यांच्या खाटकानं एक चेंडू थेट तळ्यात घातला. घाबरलेला माणूस असाच बेभान फटके मारतो. आणखी एक ओव्हर मिळाली असती तर गेलाच होता. लॅसेल्स म्हणाले, हॉडली, आता जरा विसावा घ्या. माझी फार काळजी घेतात. हरलो.

बागेतले चेंडू सोमवारपासून. नक्की.

गुरुवार, १६ जून
लंडनच्या मोठ्या क्लबानं कायदा बदलला. हात वाटेल तितका वर न्या म्हणे. जेबेझनं ती बातमी लोहारशाळेच्या दारावर चिकटवली आहे. ऑगस्टपर्यंत सगळं पूर्ववत होईल. तसं पत्र मी लंडनला धाडलं आहे.

बुधवार, २२ जून
थिर्झाचं पत्र. दोन ओळी. हिवाळी शाल, शिवणाची पेटी आणि रूथचं बायबल गाडीवाल्याबरोबर पाठवून दे. जूनमध्ये शाल! लुईस टेकडीवर आहे, हवा गार असणार. पाठवलं सगळं. रूथची खोली उघडावी लागली. बायबल उशाशीच होतं. खोली ठीक आहे. झाडायला हवी.

शनिवार, २ जुलै
बढती! लॅसेल्स म्हणाले, तुमच्याइतके नियम या गावात कुणाला येतात? आजपासून तुम्ही अंपायर. आता कॅप्टनसुद्धा माझ्या शब्दाबाहेर नाही.

पहिल्याच ओव्हरपासून कर्तव्य बजावलं. जेबेझचा हात खांद्याच्या वर गेला, नोबॉल. पुन्हा गेला, नोबॉल. असे सतरा. अठराव्याला तो माझ्या तोंडापाशी येऊन ओरडला, अहो म्हातारबा, कायदा बदललाय! दारावर लावलाय वाचायला! म्हटलं, दारावर लावल्यानं कायदा होत नाही. टिकनमचे लोक गवतावर पडून हसत होते. त्या फुकटच्या धावांवर ते जिंकले. घरी येताना कुणी माझ्याशी बोललं नाही. सामना हरल्याचं दुःख प्रत्येकाला वेगळं होतं.

शनिवार, १६ जुलै
लॅसेल्स स्वतः घरी आले. जाड कागदावर छान अक्षरात लिहिलेलं आणलं होतं. क्लबानं मला आजीव मानद सदस्य केलं आहे. विचारलं, काम काय? म्हणाले, काम असं काही नाही, एल्मच्या झाडाखाली खुर्ची ठेवू, या, बसा. विचारलं, आणि अंपायर? म्हणाले, तो त्रास आता तुम्हाला कशाला?

खुर्चीत बसून पाहिलं. पाठीला टेका चांगला आहे. मैदान मात्र अर्धंच दिसतं, झाडाचं खोड मध्ये येतं.

गुरुवार, ११ ऑगस्ट
लुईसला गेलो. सोमवारी रूथला जाऊन वर्ष होईल, तोवर थिर्झा घरात असावी. येतानाच्या गाडीत तिची जागा सांगून ठेवली होती.

बहिणीबरोबर टोप्या शिवते. अंगानं जरा भरली आहे. चहा दिला. तिला मानद सदस्यत्वाचं सांगितलं, मुद्दाम कागद नेला होता. तिनं पूर्ण वाचला. घडी घालून परत दिला. मग म्हणाली, सेप्टिमस, त्या दिवशी मी गेब्रिएलला मैदानावर पाठवलं होतं. किती वाजता पोचला तो? गेब्रिएल म्हणजे आमचा कबरी खणणारा, शेजारीच राहतो. म्हटलं, तीनला. आणि तू घरी कधी आलास? म्हटलं, पाच वाजून गेले असतील. दोनच विकेटी राहिल्या होत्या. डाव संपला की येतो, असं सांगून पाठवलं होतं मी.

ती म्हणाली, रूथ चारपर्यंत होती. दार वाजलं की विचारायची, बाबा आले का.

म्हटलं, इतकं काही असेल असं मला वाटलं नव्हतं. ती म्हणाली, ठाऊक आहे मला. रागानं नाही म्हणाली. कप उचलले आणि विसळायला गेली.

त्या दिवशी मी शेवटपर्यंत नाबाद होतो. हे सांगणार होतो, पण ती आत होती.

परतताना शेजारची जागा रिकामी. पाय लांब करता आले.

शनिवार, २४ सप्टेंबर
सकाळी लॅसेल्स आणि जेबेझ दारात. टिकनमशी शेवटचा सामना आणि माणसं दहाच. जेबेझ टोपी हातात धरून म्हणाला, हॉडलीबाबा, मागचं विसरा, तुमच्याशिवाय अकरा होत नाहीत. मी इतके दिवस दुसरं काय म्हणत होतो?

मला लांब, कुंपणाशी उभं केलं. महत्त्वाची जागा. दोन तास तिकडे चेंडू आला नाही. चर्चच्या घड्याळात तीन वाजले. ठोके मोजले आणि चालू लागलो. का, ते सांगता येत नाही. मागून जेबेझ ओरडला, अहो, कॅच! कॅच! चेंडू खरंच माझ्याकडेच येत होता. मी पाहिला. कुंपणाचं दार लोटून बाहेर पडलो.

रूथच्या कबरीपाशी गेलो. पुरलं त्या दिवसानंतर आजच. गवत नीट कापलेलं. मायकेलमस डेझीची फुलं, दोन-चार दिवसांची. गेब्रिएल पलीकडे विळा चालवत होता. म्हटलं, छान ठेवलंयस रे. म्हणाला, मी कुठला! सगळं थिर्झाबाई करतात. एप्रिलपासून दर मंगळवारी येतात लुईसहून, एक खाडा नाही. तुम्हाला ठाऊक नाही?

म्हटलं, आहे तर.

लुईसची गाडी चौकात थांबते. तिथून चर्चला यायची वाट माझ्या दुकानावरूनच आहे. मंगळवारी मी दिवसभर दुकानात असतो. खिडकीपाशीच बसतो, उजेडासाठी.