वरच्या शिंप्याची चाल

सौभाग्यवतीस दूरच्या नवऱ्याचा भरपूर लोभ.

मी मजेत आहे. लॉन्ड्रीत चादरींना इस्त्री करतो, वेळेवर जेवतो. तुझी कंबर कशी आहे?

परवा फोनवर बोलताना तू भांडी घासत गुणगुणत होतीस. ती चाल आपल्या वरच्या मजल्यावरच्या शिंप्याची. मशीन चालवताना तो दिवसभर तीच गातो. गळा गोड आहे लेकाचा, मान्य. पण ती तुझ्या तोंडी कशाला? मी जळलो नाही हं, हातातली चादर तेवढी जळली.

वैताग म्हणजे, आता ती माझ्याही तोंडात बसलीय. आज मुकादमही तीच गुणगुणत होता!

तू खिडकी सताड उघडी ठेव आणि माझं ते बेसूर गाणं रोज मोठ्याने म्हण. बसू दे त्याच्या तोंडात.

तुझा एकुलता एक,
नवरा