मुखवटेवाले संपवले त्यानंतर

चिरंजीव ठेंगू यास,

मावशीचे ओंजळभर आशीर्वाद. (दाराची चौकट डोक्याला लागणाऱ्या माणसाला ठेंगू म्हणणं शोभत नाही हे मला कळतं, पण तुझं खरं नाव लिहायला घेतलं की बँकेला अर्ज करतेय असं वाटतं.) तू बरा असशील, वेळेवर जेवत नसशील. ताईची पाठ कशी आहे? तिला म्हणावं, वाकून केर काढू नकोस. आणि तुला म्हणते, मग तू काढ. इकडे आम्ही दोघं ठीक. माझ्या गुडघ्यावरचे टाके छान भरून आले. टाके इतके सारख्या अंतरावर घातलेत की आमच्या कारखान्यातल्या मुलींना आणून दाखवावेत. बाकी पडून राहण्याचं म्हणशील तर ते मला जमत नाही. हे पत्र लिहिता लिहिता मी आत्तापर्यंत दोनदा उठले, एकदा पडदा सरळ केला, एकदा तो होता तसा वाकडा केला.

तर तू तुझा संगणक माझ्या पलंगाशेजारी मांडून दिलास आणि म्हणालास, मावशी, दिवसभर उभं राहून गणवेशाचं कापड बेतणारी बाई अशी आडवी पडली तर घर डोक्यावर घेईल, त्यापेक्षा हे खेळ. मला वाटलं पत्ते असतील. निघालं काय, तर जग बुडालेलं. बॉम्ब पडून गेलेत, रस्ते फुटलेत, जो तो फुटके डबे उपसून पोट भरतोय, आणि आपण त्या राखेतून पाठीला पिशवी लावून फिरायचं. पहिले काही दिवस मी नुसती आवराआवर केली. (तिथल्या खुर्च्या उचलून नीट लावता येतात. त्याचे गुण मिळत नाहीत, ही त्या खेळातली मोठी चूक आहे.) मग कळलं की तिथे दोन बाजू आहेत. एक उजाडवाडीची माणसं, गरीब, सदा तहानलेली. दुसरे मुखवटेवाले. कोरड्या नदीवरच्या पुलावर त्यांचा तळ, तोंडावर मुखवटे, अंगात करडे लांब कोट, आणि पुलावरून जाणाऱ्याचं निम्मं पाणी काढून घ्यायचं हा त्यांचा उद्योग.

खरं सांगू, पाण्याचं मी एकवेळ सोडून दिलं असतं. पण त्यांचे कोट. अरे, बाही उलटी. उजव्या हाताची डावीकडे आणि डाव्याची उजवीकडे चढवलेली, म्हणून खांद्याशी सगळ्यांना चोळामोळा. एवढी मोठी फौज, एवढ्या बंदुका, आणि एकालाही हात वर करताना काखेत ओढ बसत नाही? मी त्यांना पाहिलं की माझे हात शिवशिवायचे, कात्रीसाठी. तेव्हा माझ्याजवळ बंदूक होती.

आता मध्येच तुझ्या काकांचं सांगायला हवं, त्याशिवाय पुढचं कळणार नाही. त्यांचं चष्म्याचं दुकान आमच्या घरापासून दोन वळणांवर आहे हे तुला माहीत आहे. तरी इतकी वर्षं ते दुपारचा डबा दुकानातच खायचे, कारण त्यांचं म्हणणं, गिऱ्हाईक नेमकं जेवायच्या वेळेला येतं. माझ्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली तसे ते दुपारी घरी यायला लागले. येऊन आतल्या खोलीत जेवायचे, वर्तमानपत्र पुढे धरून, आणि जाताना दारातून विचारायचे, काही हवं का. मी म्हणायची, नको. झालं आमचं बोलणं.

एके दिवशी खेळात माझ्या खिशात रेडिओ आला. त्यावर एकच केंद्र लागायचं, तेही मुखवटेवाल्यांचं, आणि त्यांची एक बाई हवामान सांगायची. आवाज असा, की जगात आता काही होण्यासारखं उरलेलं नाही आणि तिची त्याला हरकत नाही. "आज धूळ. उद्या धूळ. परवा दुपारपर्यंत धूळ, त्यानंतर धूळ वाढेल." आणि मला आतल्या खोलीतून हसू ऐकू आलं. मी घाबरलेच. तुझे काका म्हणजे लग्नाच्या फोटोत हसा म्हटल्यावर 'कशाला' विचारणारा माणूस. ते ताट घेऊन बाहेर आले आणि उभ्यानेच म्हणाले, "पुन्हा लाव." दुसऱ्या दिवशी खुर्ची आणली. मग रोज, हात धुवायच्या आधी, आज बाई काय म्हणतात. आम्ही तिचं नाव धूळबाई ठेवलं. आणि ती बोलायची थांबली की आम्ही बोलायला लागायचो. एक माणूस मुलाखतीला जायचं म्हणून त्यांच्या दुकानातून चष्म्याची बिनकाचेची चौकट घेऊन गेला, त्याला नोकरीही लागली, आणि आता तो खोटं उघडं पडू नये म्हणून रोज ती लावतो, हे मला इतक्या वर्षांत पहिल्यांदा कळलं. त्यांनाही कळलं की मी कारखान्यात ओरडते तेव्हा मुली घाबरत नाहीत, माझी नक्कल करतात. असं आमचं बरं चाललं होतं.

आणि मग मी मुखवटेवाल्यांना उडवलं.

झालं असं, की पुलाच्या पोटात त्यांची बाष्पकाची, म्हणजे बॉयलरची, खोली होती. उजाडवाडीचा म्हातारा म्हणाला, तिथली झडप बंद कर, आम्ही जन्मभर ऋणी राहू. सकाळची वेळ, काका दुकानात, मला पडून पडून मुंग्या आलेल्या. गेले, झडप फिरवली, पळत बाहेर आले. (खेळात माझा गुडघा ठणठणीत आहे.) पूल अख्खा वर उठला आणि खाली बसला. उजाडवाडीत नाच झाला, मला एक फुटकं शिरस्त्राण आणि 'मुक्तिदात्री' ही पदवी मिळाली. मी इतकी खूष, की खेळ जपून ठेवायची कळ दाबली. एकाच जागी, जुन्यावर. तू बजावलं होतंस वेगवेगळ्या जागी जपत जा म्हणून, पण मला वाटलं, एकच कपाट असताना चार कशाला. म्हणजे पूल उडायच्या आधीचं काही उरलंच नाही.

दुपारी काका आले, बसले, आणि म्हणाले, "लाव की बाईंना."

मी रेडिओ लावला. नुसती खरखर.

"आज उशीर झाला वाटतं त्यांना," ते म्हणाले.

मी म्हणाले, "त्या पुलावरच असायच्या बहुतेक."

"असायच्या म्हणजे?"

मी सांगितलं. त्यांनी घास तसाच ताटात ठेवला. म्हणाले, "तुला कोणी सांगितलं होतं?" मी म्हाताऱ्याचं नाव पुढे केलं. ते ताट उचलून आत गेले, आणि दुसऱ्या दिवसापासून सकाळीच डबा घेऊन निघायला लागले.

इकडे खेळात माझं जे झालं ते शत्रूचंही होऊ नये, अर्थात शत्रू उरलाच नव्हता. मुखवटेवाले म्हणजे असून अडचण आणि नसून खोळंबा. ते होते तोवर पुलापलीकडची जंगली कुत्री पलीकडेच होती. आता ढिगाऱ्यावरून उड्या मारत सरळ वाडीत. पाणी उपसायची यंत्रं त्यांचीच माणसं चालवत होती, हे त्या म्हाताऱ्याने मला आधी सांगितलं नव्हतं. मग सगळी वाडी माझ्यामागे. दिवा गेला, मुक्तिदात्रीला बोलवा. छप्पर गळतं, मुक्तिदात्रीला बोलवा. गळतं काय, तर धूळ. एक माणूस तर पलंग हवा म्हणून तक्रार करतो आणि पलंग दिला तर त्यावर उभा राहतो. त्यात थंडी पडली. मी दयाबुद्धीने ढिगाऱ्यातून मुखवटेवाल्यांचे कोट गोळा केले आणि वाडीत वाटले. (बाह्या तशाच. मन घट्ट केलं.) तर शेजारच्या वाडीने लांबून पाहिलं, आणि करडे कोट दिसल्याबरोबर मुखवटेवाले परत आले म्हणून गोळीबार सुरू केला. आमच्या माणसांनीही मग उलट गोळ्या घातल्या, पुलाच्या वाटेवर पहारा बसवला आणि येणाऱ्याजाणाऱ्याचं पाणी अडवायला लागले. म्हणजे मी एक फौज बुडवली आणि हौसेने दुसरी उभी केली. याला हात दाखवून अवलक्षण म्हणतात.

माझा गुडघा वाकवायला येते ती व्यायामवाली मुलगी हे सगळं बघून म्हणाली, "मावशी, तुम्ही त्यांच्याशी तह नाही केला? तिसऱ्या दारावर जो पहारेकरी असतो, त्याच्याशी बोललं की होतो."

"बंदूक रोखणाऱ्याशी काय बोलायचं?"

"आधी कोणी रोखली?"

मी म्हटलं, तू गुडघ्याचं बघ. पण ते मनातून जाईना. मी काठी टेकत खोलीतल्या खोलीत येरझारा घालायची, खिडकीपासून दारापर्यंत, मग परत खेळात बसायची, तिथेही नुसतं चालायचं. उत्तरेला गेले, नकाशा संपेपर्यंत गेले, दुसरं कुठलं केंद्र लागतं का बघत. लागलं नाही. शेवटी परत पुलाच्या ढिगाऱ्यात उतरले आणि एक न मोडलेला जिना सापडला. खाली एक खोली होती. टेबल, बोलायचं यंत्र, एक कप, आणि चारही बाजूंना भिंती.

ठेंगू, मी ती खोली नीट पाहिली, सवयीने कोपऱ्या-कोपऱ्यातून. आणि मग मला बसवेना. काठी घेतली, पायात चपला सरकवल्या आणि घराबाहेर पडले. शस्त्रक्रियेनंतर पहिल्यांदाच. कोपऱ्यावरचा चांभार म्हणाला, अरे वा, चालायला लागलात. मी त्याला थांबून उत्तरही दिलं नाही. दुकानात काका काउंटरमागे एकटे जेवत बसले होते. भिंतीवरच्या सगळ्या रिकाम्या चौकटी त्यांच्याकडे बघत होत्या, आणि गिऱ्हाईक म्हणशील तर औषधालाही नव्हतं.

मी म्हणाले, "अहो, तिच्या खोलीला खिडकीच नव्हती."

त्यांनी हातातली पोळी खाली ठेवली. मग हळूच म्हणाले, "म्हणजे ती अंदाजाने सांगायची?"

"अंदाजाने."

"आणि रोज बरोबर यायचं."

आणि हसायला लागले. इतके, की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. मीही स्टुलावर बसून हसले. मग ते डबा बंद करता करता म्हणाले, "पहिल्यापासून सुरू करता येतं का गं ते?"

येतं. आता आम्ही पहिल्यापासून सुरू केलंय, आणि संगणकाचा उंदीर त्यांच्या हातात आहे. ते मुखवटेवाल्यांत भरती झालेत. ठेंगू, त्यांना खेळता येत नाही. ते दारात अडकतात. भिंतीला तोंड करून चालत राहतात. पुलावर त्यांना पाणी वसूल करायला उभं केलंय, तर येईल त्याला ते सोडून देतात, म्हणतात, म्हातारा माणूस दिसतो, जाऊ दे. त्यांचा सेनापती त्यांच्यावर चिडलाय. मी शेजारी बसून उजवीकडे, अहो उजवीकडे, करत मुठी आवळते. त्यांच्या अंगातही तोच कोट आहे, बाही उलटी, आणि ते म्हणतात, मला तर काही टोचत नाही. रोज एका ठरावीक वेळी ते जिथे असतील तिथे थांबतात, कुत्रं अंगावर आलं तरी थांबतात, आणि धूळबाई बोलून होईपर्यंत हलत नाहीत. काल तिने सांगितलं, परवा निरभ्र. आम्ही दोघं तेव्हापासून त्यावर बोलतोय.

ताईला नमस्कार. पाठीला शेक दे म्हणावं.

तुझी,
मावशी

ता. क. तू लिहिलंस की सुट्टीला येशील तेव्हा संगणक परत नेशील. येताना मोकळ्या हाताने ये आणि जातानाही तसाच जा. तुला अभ्यासाला हवा असेल तर अभ्यास वाचनालयात चांगला होतो.

ता. क. २. गुडघ्याचं तुला म्हणून सांगते. डॉक्टर म्हणाले, झालं, कामावर जा. मी कारखान्यात आणखी पंधरवडा कळवलाय, आणि काकांना सांगितलंय की दुकानापर्यंत चालले त्या दिवसापासून सूज आली. फोनवर बोलताना सांभाळ. त्यांना कळलं तर ते पुन्हा डबा न्यायला लागतील.

चि. ठेंगू, हे पत्र टाकायला तुझ्या मावशीने माझ्याकडे दिलं, पाकीट चिकटवायला विसरली. माझा धंदा चष्म्याचा आहे; सूज आहे की नाही एवढं मला दिसतं. दुपारी गिऱ्हाईक येत नाही, कधीच येत नव्हतं. तू तिला काही बोलू नकोस. खेळातल्या त्या भिंतीतून बाहेर कसं पडायचं तेवढं मात्र कळव. — काका