मामांचंच पीक का जातं?

परंडा, मंगळवार, दिवेलागणीनंतर

सासऱ्यांचा शेतीचा गेम आज परत अडकला. कन्सोल माझा, पण हल्ली तो मामांच्याच हातात असतो. नुसती स्क्रीन बंद केली तर गेम आहे तिथंच थांबतो. पण अडकला की पूर्ण बंद करून परत चालू करावाच लागतो, आणि तसं केलं की मामांचं पीक गायब! माझं कधीच जात न्हाय. मग यांचंच का?

शेवटी शेजारी बसून बघितलं. गेममधला माणूस घरी जाऊन झोपला, की मगच सगळं सेव्ह होतं. अन् मामा त्याला घरी पाठवतच नव्हते!

"मामा, रात्रभर शेतात कशाला उभा करता त्याला?"

"पीक कापायला आलंय. रानडुकरं घुसली तर?"

"गेममध्ये डुकरं न्हाईत, मामा."

लई वेळ विचार करून त्यांनी त्याला घरी नेऊन झोपवलं. मी गेम बंद करून परत चालू केला. पीक जिथल्या तिथं! मामा खूश.

मग कन्सोल माझ्या हातात दिला, बॅटरी अन् घोंगडं घेतलं, आणि आमच्या ज्वारीच्या राखणीला निघाले.