म्हातारीचं वाक्य

४ नोव्हें. १९७४, लोणावळा
हुसेन आला. माझा जुना विद्यार्थी, आता सिनेमे दाखवायचं मंडळ चालवतो. सोबत तुर्कस्तानचे रिफतसाहेब, निर्माते. चार दिवस हवापालटाला. रिळांचे डबे खाटेशेजारी घेऊनच झोपतात म्हणे. सिनेमा तुर्कीत, जवळच्या कान्हे गावच्या लोकांना मराठीतून मी सांगायचं, हुसेनने आणलेल्या भाषांतराचे कागद हातात धरून. मी! वर्गात शेवटची कविता म्हटली त्याला किती वर्षं... फळ्यावर उन्हाची तिरीप, पोरं डुलतायत...

७ नोव्हें.
कान्हे. भाऊसाहेबांचं भाताचं गोदाम. खिडक्यांना घोंगड्या, भर दुपारी अंधार. पुढे खुर्चीत भाऊसाहेब, मागे त्यांच्याच रानात भात कापणाऱ्या बाया. पडद्यावर तंबाखूचं शेत, बसकण मारलेले मजूर. त्यातली म्हातारी मालकाला म्हणते, "आमची पाठ मोडली. आता तुम्ही वाका." कागदावर तसंच होतं. पण समोर भाऊसाहेबांची मान दिसली, आणि मी म्हणालो, "दमल्या पाठीवरी घाली सांजवारा फुंकर." चालीत बसलं. बसलं याचा आनंदही झाला, हीच लाज.

बाहेर चंद्रामावशी, कमरेला विळा. "मास्तर, येवढं डोळं वटारून म्हातारी वाऱ्याचं बोलत हुती व्हय?" बाया खिदळल्या.

भाऊसाहेब खूश. "झकास बोललात. रविवारी परत दाखवा, असंच." मी राहतो ती खोली त्यांच्याच बंगल्यामागची. भाडं घेत नाहीत.

८ नोव्हें.
तळ्याकाठी रिफतसाहेबांबरोबर. इंग्रजी दोघांचंही मोडकं. "त्या वाक्याला सगळीकडे लोक गप्प होतात. काल खोकत होते. काय सांगितलंत?"

मी उलट विचारलं, निर्माता नेमकं करतो काय?

"दिग्दर्शक तुरुंगात. मी डबे सांभाळतो. ते वाक्य कापा म्हणून तीनदा हुकूम आला. कापलं नाही. घर गेलं." आणि चण्याची पुडी पुढे केली.

मग सगळं कबूल केलं. रागावले नाहीत. "चाल तरी चांगली होती का?"

पाण्यावर धुकं...

१० नोव्हें., रविवार
कान्हे. गाडीत रिफतसाहेबांनी एक डबा माझ्या मांडीवर ठेवला होता. गार, वाटला त्याहून जड. सहा शब्द घोकतोय. यमक नाही, चाल नाही. पाठ होईनात. खोलीतलं सामान किती, तेही मनात येऊन गेलं. एक ट्रंक, पुस्तकं.

चंद्रामावशी आज पुढे, भाऊसाहेबांच्या खुर्चीपाशीच बसलीय. "मास्तर, आज काय म्हनती म्हातारी?"

भाऊसाहेबांनी वळून माझ्याकडे पाहिलं. हसले.

पहिलं रीळ संपलं. हुसेन दुसरं चढवतोय, तेवढ्या उजेडात हे खरडतोय. म्हातारी दुसऱ्या रिळात येते.