सासूबाईंचं हसू आणि आमचा चित्रपट

तीर्थरूप बाबांच्या पायी जावयाचा साष्टांग नमस्कार.

आपला खोकला उतारावर असेल आणि औषध वेळेवर घेत असाल, अशी आशा करतो. इकडे सगळे मजेत. सासूबाई तर फारच मजेत. लेकीकडे आठ दिवसांसाठी आलेल्या बाईंचा मुक्काम दीड महिन्यावर कसा गेला, असं आपण खरमरीत शब्दांत विचारलंत, त्याचा हा खुलासा. (कृपया बसून वाचावा.)

मी विनोदी आणि संगीतप्रधान चित्रपटांचा निर्माता म्हणून ओळखला जातो, हे आपण जाणताच. (आपण मात्र चारचौघांत ‘जावई काहीतरी करतात’ एवढंच सांगता, हे माझ्या कानावर आहे.) पहिले दोन चित्रपट धो धो चालले. तिसऱ्यात मी तळ्यात तराफा सोडून त्यावर अख्खा वाद्यवृंद बसवला. ढोलवाले सगळे एकाच बाजूला बसले आणि दुसऱ्या कडव्याला गाणं पाण्यात गेलं. बासरीवाला तेवढा गळ्यापर्यंत बुडूनही वाजवत राहिला, आणि लोकांनी नेमका तोच तुकडा डोक्यावर घेतला! माझी कारकीर्द ही अशी, बुडता बुडता तरलेली.

यंदाचा चित्रपट मात्र तरेना. वितरकांसाठी दुपारी खास खेळ ठेवला. पाचही जण हाताची घडी घालून, एरंडेल प्यायल्यासारखे बसलेले. नायक जिन्यावरून गडगडला, शांतता. नाचता नाचता नायिकेऐवजी खांबाला मिठी मारली, शांतता. संकलक कानात कुजबुजला, “साहेब, मागच्या दाराने सटकू या.” बाबा, पन्नास माणसांच्या चुली या एका चित्रपटावर पेटायच्या होत्या. तेवढ्यात पडद्यावर नायक कपाळावर चष्मा ठेवून, घर डोक्यावर घेत, तोच चष्मा शोधायला लागला, आणि मागच्या रांगेतून ‘फिस्स’ असा आवाज आला. सासूबाई! (घरी एकट्या कंटाळतील म्हणून तुमच्या लेकीने सोबत आणलेल्या.) त्यांनी पदराचा बोळा तोंडात कोंबला, तरी हसू कुकरच्या शिट्टीसारखं सुटलंच. एका वितरकाने रागाने वळून पाहिलं, पण त्याचीच मिशी हलू लागली. दुसरा खुसखुसला, तिसरा खुर्चीवरून घसरला, आणि शेवटचं गाणं तर पाचही जणांनी टाळ्यांच्या ठेक्यावर पाहिलं!

चित्रपट सगळ्यांनी उचलला. अट एकच, प्रत्येक गावच्या पहिल्या खेळाला त्या बाई हव्यात. तेव्हापासून आम्ही गावोगाव हिंडतो आहोत. सासूबाई मागच्या रांगेत बसतात, थिएटर हास्याने दणाणतं, आणि बाहेर पाटी लागते, ‘जागा नाही’. परवा दुसऱ्या एका निर्मात्याने त्यांना न्यायला चक्क गाडी पाठवली. “हसायचं ते जावयाच्याच पडद्यावर,” असं ठणकावून त्यांनी ती रिकामी परत पाठवली. बाबा, माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं.

तरी त्यांना आणखी महिनाभर राहू द्यावं, ही हात जोडून विनंती.

आपला आज्ञाधारक,
जावई

ता. क. माझ्या विनोदातलं नेमकं काय भावलं, असं मी मोठ्या अभिमानाने सासूबाईंना विचारलं. म्हणाल्या, “तुमचा विनोद कुठला? तो मेला नायक चष्मा शोधताना हुबेहूब आमच्या ह्यांच्यासारखा ओरडतो. इतकी वर्षं समोर हसायची सोय नव्हती, थिएटरात अंधार असतो.”

आणखी ता. क. पुढच्या चित्रपटासाठी नायकाने आठ दिवस आपल्याकडे राहून आपलं निरीक्षण करावं, असं ठरलं आहे. तो कालच निघाला, बहुधा या पत्राआधीच पोचेल. त्याला पाहून आपण खूप रागावाल, हे मी त्याला सांगून ठेवलं आहे. तो म्हणाला, “तेच तर बघायचंय.”