गुलबक्षीतली संध्याकाळ

५ एप्रिल १९७३, दिंद्रुड

आज तीनच कळ्या. रॉकेलच्या डब्यातली माती तडकली आहे. शेजारच्या छबुबाईनं तांब्याभर पाणी ओतलं — दुष्काळी कामावर खडी फोडून आल्यावर लांबच्या विहिरीवरून डोक्यावर आणलेलं — आणि वर ऐकवलंही, "झाडाला पानी, अन् मालक पारोसा!" खोटं नाही. शेवटची अंघोळ कधी केली ते आठवत नाही, आणि तारखा सांभाळणं हाच माझा धंदा.

संध्याकाळी गुलबक्षी उमलली. केसर बोलली. मी उपरण्याचा बोळा तोंडात धरून ऐकलं.

७ एप्रिल

झोप नाही, म्हणून लिहितो. पैठणला गुरुजींनी व्याकरणाबरोबर ही कालपुष्पविद्याही शिकवली. उमलत्या कळीसमोर संकल्प म्हणायचा. त्याच्या पहिल्या शब्दापासून फूल ऐकू लागतं, आणि झाड जगेल तोवर रोज उमलताना तेच ऐकवतं. एका झाडात एकच वेळ. दुसरी बसवली की पहिली पुसली. आणि उमलताना जवळच्या जाणत्यानं संकल्पाखेरीज शब्द काढायचा नाही — निघाला तर तो आतल्या वेळेला कायमचा चिकटतो. मग त्या झाडात दुसरं काही बसत नाही.

फुलात मावतं किती? एक विडा चघळून होईल एवढंच. शहाण्यानं तिथी-वार सांगून गप्प बसावं. मी विद्वान! ब्रह्मदेवाच्या दुसऱ्या परार्धापासून निघालो. जंबुद्वीप, भरतखंड, गोदावरीचा दक्षिण तीर, संवत्सर, अयन, ऋतू... दिंद्रुडला पोचेतो फूल भरत आलं होतं. केसरचं एकच बोलणं मावलं :

"झालं का तुमचं? च्या गार व्हायलाय."

पुढच्या पावसाळ्यात ती गेली. लग्नापासून तिला 'चहा' म्हणायला शिकवत होतो. धारूरची बाई, ऐकते कशाला! आता तो 'च्या' ऐकायला रोज आधी माझंच संस्कृत सोसतो.

९ एप्रिल

एकच फूल. पानं कागदासारखी वाजतात.

१२ एप्रिल

सोसायटीचे चेअरमन आबासाहेब जीपमधून आले. सहकारी साखर कारखान्याचं भूमिपूजन आहे. फोटो पिवळे पडतात म्हणे, तो क्षण फुलात बसवून पाहिजे. मी म्हटलं, गावात जिवंत झाड दाखवा. त्यांनी नुसतं डब्याकडे पाहिलं.

मग हलक्या आवाजात : "बाईंचा आवाज तुमच्या ध्यानात हायच की, त्रिंबकराव. ध्यानातलं कुठं वाळतंय?"

बदल्यात टँकर. आमच्या आळीच्या तोंडापर्यंत, रोज. आजवर तो वेशीवरूनच परततो.

विचार करून सांगतो म्हटलं. आबासाहेबांना कोणी असं सांगत नाही. ते हसले. चहा घेतला नाही.

१३ एप्रिल

छबुबाईला सगळं ठाऊक झालंय, तरी एका शब्दानं बोलत नाही. बोलली असती तर भांडता आलं असतं. संध्याकाळी घागर उतरवताना मानेला हात लावून उभी राहिली. मग नेहमीसारखा तांब्या ओतला.

आबासाहेबांना होकार कळवला.

१५ एप्रिल

एकट्यानं शेवटचं ऐकून घेतलं. स्वतःच्या संस्कृतचाही राग आला नाही.

१६ एप्रिल

गुलबक्षी संध्याकाळीच उमलते, म्हणून मुहूर्त संध्याकाळचा. भटजी कुरकुरले, आबासाहेबांनी पंचांगाला जरा समजावून घेतलं.

डबा मांडीवर घेऊन जीपमध्ये बसलो. माळावर मांडव, कुदळीला हार. सगळ्यांना गप्प राहायला सांगितलं. ठरलं असं : फूल उमलेल, जुनी वेळ ऐकवेल, आणि ती संपता-संपता मी नवा संकल्प सुरू करीन. या वेळी अगदी तोकडा — तेवढी अक्कल आली आहे.

कळी सुटली. सबंध मांडवानं माझं जंबुद्वीप ऐकलं. मागं कोणी तरी खुदकन हसलं. आणि मग केसर, भरमाळावर :

"झालं का तुमचं? च्या गार व्हायलाय."

मी तोंड उघडलं ते संकल्पासाठीच. शपथेवर. बाहेर आलं —

"आलो."

झालं! चिकटलं. छबुबाईनं पदर डोळ्यांना लावला. कुदळ धरून आबासाहेब उभेच. मी टँकरचं बोलायला पुढं झालो. त्यांनी टोपी काढून घाम पुसला.

"ऱ्हाऊ द्या. बाईमाणसानं हाक मारली तर काय करता?"

मग फोटोवाल्यावर ओरडले, त्यानं तरी नीट काढावा म्हणून.

१७ एप्रिल

टँकर आला. आळीत. छबुबाईनं पहिली घागर माझ्या दारात आणून आपटली. "अंघूळ करा आधी."

केली. पेपरला बातमी पाठवली, गावचा बातमीदारही मीच : भूमिपूजन उत्साहात पार पडले.

संध्याकाळी दार लावून घेतलं. डब्यासमोर बसायचं धैर्य झालं नाही. एवढ्या वर्षांची तिची हाक, तिच्या शेपटाला आता माझा हा चिरका आवाज!

१८ एप्रिल

बसलो आज. परार्ध, जंबुद्वीप, गोदावरी. "च्या गार व्हायलाय." मग माझं "आलो." संपलं म्हणून उपरणं सोडलं.

फुलातून कपबशी ठेवल्याचा आवाज आला.

"गुळाचाच हाय. साखर संपली. बसा."