लख्दरकाकांनी सोडलेली खुर्ची

प्रिय बाबा,

तुम्ही शेजारच्याच खोलीत आहात आणि मी पत्र लिहितेय. हसू नका. समोरासमोर बसलो की आपलं बोलणं पाव आणि मीठ यांच्या पलीकडे जात नाही. जे बोललो ते स्टेडियममध्ये, दोघंही मैदानाकडे बघत असताना. जूनमध्ये मोसम संपला आणि आपलं बोलणंही संपलं. दूर दक्षिणेत, वाळवंटातल्या इलिझीच्या शाळेत मला मिळालेल्या नोकरीला तुम्ही अजून हो म्हणाला नाहीत.

गेल्या वर्षी आपल्या फुटबॉल क्लबच्या अध्यक्षांनी सिमेंटच्या धंद्यातला पैसा ओतून नऊ नवे खेळाडू आणले, तेव्हा तुम्ही आईला बजावलं होतंत, "यंदा करंडक आपलाच." आपला 'वफा' क्लब सोळा संघांत तेरावा आला. डिसेंबरातच लख्दरकाकांनी स्वतःचा मोसमाचा पास तुमच्या हातात कोंबला. "घे बाबा, मला रक्तदाबाचा एक आजार पुरे." इतकी वर्षं तुमच्या शेजारची खुर्ची त्यांचीच होती. पुढच्या शुक्रवारी बूट चढवता चढवता, माझ्याकडे न बघता तुम्ही विचारलंत, "येतेस?"

आपल्या रांगेत बाई अशी मी एकटीच. सगळे वळून बघायला लागले तसे तुम्ही म्हणालात, "माझी मुलगी आहे, पदवीधर. तोंडं सांभाळा." मग बिचाऱ्यांचे काय हाल झाले. टायरवाले बूझीद तावातावाने उभे राहिले, मला पाहिलं आणि अडखळत म्हणाले, "पंचसाहेब, आपल्या... आपल्या डोळ्यांना आराम मिळो." आपल्या सगळ्यांत महागड्या खेळाडूने रिकाम्या गोलसमोर चेंडू बाहेर घालवला तेव्हा मागून कुणीतरी म्हणालं, "याच्याऐवजी खांब पुरला असता, तर चेंडू त्याला आपटून तरी आत गेला असता." तुम्ही मान न वळवता म्हणालात, "आणि खांबाला बंगला द्यावा लागत नाही." तुम्ही इतके विनोदी आहात हे मला तोवर ठाऊकच नव्हतं.

इलिझीचं मी तिथेच सांगितलं, आपण दोन गोलांनी मागे असताना. तिथे विज्ञान शिकवायला कुणी टिकत नाही, आणि आपल्या घरातली पहिली पदवी मला भिंतीवर टांगायची नाही, हेही सांगितलं. तुम्ही सूर्यफुलाच्या बिया सोलत राहिलात. मग म्हणालात, "फार लांब आहे." पुढच्या सामन्याला विचारलंत, "तिथं पाणी येतं का?" त्याच्या पुढच्या वेळी, "शिक्षिकांना राहायला जागा आहे?" आपण हरत होतो आणि तुम्ही विचारत होतात. क्लब जिंकत असता तर लख्दरकाका उठले नसते, मग आपण दोघं कुठे बोललो असतो? त्या मोसमाचे आभार मानणारी गावात बहुधा मी एकटीच असेन.

आज दुपारी तुम्ही नव्या मोसमाचे दोन पास टेबलावर ठेवलेत. एकावर माझं नाव. मी स्वयंपाकघरात जाऊन रडले, आईने दोष कांद्याला दिला. बाबा, नेमणुकीवर मी काल सही केली आहे. हे तुम्हाला तोंडावर सांगायचा धीर झाला नाही, म्हणून हे पत्र. पास परत करू नका, सुट्टीत आले की वापरेन. शनिवारी पहाटे माझी बस आहे. तुम्ही काही बोलू नका. माझी बॅग उचलून पुढे चालायला लागलात, की मला कळेल.

तुमचीच,
विदाद